दारापर्यंत चालणारं मशीन

देसांका पेयिनने एकोणतीस वर्षांत अकरा चित्रपट काढले होते आणि त्यातल्या एकातही माणूस नव्हता.

पहिला होता विजेच्या बटनावर, नऊ मिनिटांचा. मग गळका नळ, मग इस्त्री, मग गजराचं घड्याळ. सर्वांत गाजलेला म्हणजे बसच्या दाराचा. तो सर्बियातल्याच सुबोतित्सा शहरात दाखवला तेव्हा चौदा प्रेक्षक होते. त्यातले सहा पावसाला चुकवून आत शिरले होते, हे देसांकाला ठाऊक होतं, कारण पाऊस थांबताच ते सहा उठून गेले. उरलेले आठ मात्र शेवटपर्यंत बसले. त्यातल्या एकाला झोप लागली होती, पण झोपलेला प्रेक्षकसुद्धा उठून न गेलेलाच प्रेक्षक असतो, असं तिचं मत होतं.

तिची आई जेलिका अठ्ठ्याहत्तर वर्षांची होती आणि तिने अकराही चित्रपट पाहिले होते.

"इस्त्री दाखवलीस. इस्त्री करणारी कुठे गेली?"

"आई, तो सिनेमा इस्त्रीबद्दल आहे."

"मग कपडे काय आपोआप कडक झाले?"

यावर देसांकाकडे एक लांबलचक उत्तर होतं. वस्तूंकडे माणूस बघतच नाही, म्हणून वस्तूंना एकटं दाखवावं लागतं, वगैरे. ते तिने वर्तमानपत्राच्या एका मुलाखतीसाठी तयार केलं होतं. मुलाखत घ्यायला कोणी आलं नाही, त्यामुळे उत्तर तसंच कोरं करकरीत राहिलं होतं.

त्रेपन्नाव्या वर्षी मात्र गोष्ट गळ्याशी आली. नोवी सादला मामेबहिणीच्या नवऱ्याचा लग्नाच्या व्हिडिओंचा स्टुडिओ होता. त्याने कायमची नोकरी देऊ केली होती. संत दिमित्रीच्या सणापर्यंत, म्हणजे आठ नोव्हेंबरपर्यंत, हो किंवा नाही सांगायचं होतं. "लग्नात माणसं भरपूर असतात," एवढंच आई म्हणाली. देसांकाने मनाशी ठरवून टाकलं, की बारावा चित्रपट त्याआधी झाला तर ठीक. नाही झाला, तर कॅमेरा घेऊन नवरीच्या मागे धावायचं आणि बाकीचं विसरायचं.

बाराव्याचा विषय घरातच होता. न्हाणीघरात.

देसांका सात वर्षांची असताना वडिलांनी आणलेलं ते कपडे धुण्याचं मशीन अजून सुरू होतं. धुताना ते सभ्य असायचं. पण कपडे पिळायची वेळ आली की थरथरायचं, मग उड्या मारायचं, आणि मग भिंत सोडून टाइल्सवरून चालत चालत थेट दारापर्यंत यायचं. म्हणून दर शनिवारी पिळण्याची बारा मिनिटं आई मशीनवर चढून बसायची. आई बसली की ते जागच्या जागी गुरगुरायचं. लहानपणी देसांकाला वाटे, सगळ्यांच्याच घरी मशीनवर एक आई बसलेली असते.

आई आता सिनेमात बसायला तयार नव्हती. "तीस वर्षं एकाच बाईकडे केस सेट करते मी. आणि जगाला दिसणार कशी, तर वॉशिंग मशीनवर?" देसांकाला त्याचं वाईट वाटलं नाही. माणूस नकोच होता. मशीन एकटं भिंतीपासून दारापर्यंत चालत येईल, आणि संपलं. केवढा मोठा प्रवास!

नगरपालिकेच्या सांस्कृतिक खात्याने थोडी मदत मंजूर केली होती. पण अर्ज भरून घेणारा म्लाडेन नावाचा माणूस फार काटेकोर होता.

"मुख्य कलाकाराचं नाव आणि जन्मतारीख राहिलीय."

"मुख्य कलाकार वॉशिंग मशीन आहे."

"म्हणजे नेपथ्य."

"नेपथ्य नाही. तेच मुख्य."

म्लाडेनने पान उलटलं. "मशीन चालतं का?"

"हो. दारापर्यंत."

"तसं नाही विचारलं, बाई."

"पण तसंच आहे."

त्याने चष्मा काढून पुसला. "स्वतःहून हालचाल करणाऱ्या, मनुष्येतर कलाकारांसाठी क हा रकाना आहे. त्याला पशुवैद्याचा दाखला लागतो." देसांका दोन दिवस दाखल्यामागे फिरली. शेवटी आईच्या ओळखीच्या एका पशुवैद्याने लिहून दिलं, की सदर कलाकारास कोणताही संसर्गजन्य आजार नाही आणि चित्रीकरणात त्याचा छळ होणार नाही. म्लाडेनने शिक्का मारला. तोही त्याच्या जागी बरोबर होता. रकाना त्याने थोडाच बनवला होता?

इमारतीत ही बातमी पसरायला पशुवैद्य पुरेसा होता. सर्वांत आधी आल्या रुझित्साबाई. त्या भूगोलाच्या निवृत्त शिक्षिका आणि गेली बारा वर्षं इमारतीच्या अध्यक्ष. त्यांनी तीन अटी लेखी आणल्या होत्या. दुपारी तीन ते पाच आवाज नको. जिन्यात तारा नकोत. आणि तारेसाठी खिडकी उघडी ठेवायची नाही, कारण जिन्यात वारा खेळला की तिसऱ्या मजल्यावरच्या सगळ्यांच्या माना आखडतात. "मी स्वतः एका वाऱ्यात आठ दिवस डावीकडे बघू शकले नव्हते," त्या म्हणाल्या, आणि वळून गेल्या. उजवीकडून.

खालच्या मजल्यावर सावाकाका राहत. कारखान्यातले निवृत्त फिटर, विधुर, वडिलांचे जुने मित्र. शेहेचाळीस वर्षं दर शनिवारी ते मशीन त्यांच्या डोक्यावर नाचत होतं आणि त्यांनी कधी अवाक्षर काढलं नव्हतं. सिनेमाचं ऐकून त्यांचा चेहराच बदलला.

"म्हणजे हे मशीन सगळे बघणार?"

"बघतील तेवढे बघतील, काका."

"परदेशात पण?"

"पाठवणार तर आहे."

काकांनी टोपी काढली, छताकडे बघितलं आणि पुन्हा घातली. "मग ते नीट दिसायला पाहिजे," ते म्हणाले. देसांकाने त्या वाक्याकडे लक्ष दिलं नाही. द्यायला हवं होतं.

गुरुवारी ती नोवी सादला गेली. आवाज टिपायला गोय्को नावाचा तिचा जुना मित्र येणार होता. त्याला यंत्रांसह घेऊन ती शनिवारी सकाळी घरी पोचली, तर जिन्यात माणसं उभी. कोणी इस्त्रीचा शर्ट घातलेला, कोणी मिरच्या भाजायच्या अर्धवट सोडून तशाच काळ्या हातांनी आलेलं. रुझित्साबाई लेखी अटी हातात घेऊन दारात. आईने सगळ्यांना कॉफी दिली होती, सोबत बिही नावाच्या आंबटसर फळाचा मोरावळ्यासारखा गोड पाक आणि पाण्याचे ग्लास. न्हाणीघराजवळ सावाकाका टाय लावून उभे.

देसांकाने कॅमेरा लावला. गोय्कोने केसाळ टोपडं घातलेला माइक मशीनच्या पोटाजवळ नेला. मशीनने पाणी सोडलं, क्षणभर विचार केला आणि पिळायला सुरुवात केली.

आणि ते जागचं हललं नाही.

गोय्कोने कानावरची यंत्रं दाबून धरली. "मला काहीच ऐकू येत नाहीये," तो पुटपुटला. "मांजर झोपल्यासारखं वाटतंय."

सावाकाका पुढे झाले. त्यांनी मशीनवर काठोकाठ भरलेला पाण्याचा ग्लास ठेवला. बारा मिनिटं. थेंबसुद्धा सांडला नाही. जिन्यातून टाळ्या पडल्या. एवढ्या टाळ्या देसांकाच्या अकरा चित्रपटांना मिळूनही पडल्या नव्हत्या.

"गुरुवारी येऊन दोन तास खपले बिचारे," आई कौतुकाने म्हणाली. "मी आपली बाजारात होते. कशाला हात लागला ते सांगत पण नाहीत."

"एक पार्ट घातला," सावाकाका म्हणाले आणि मुलासारखे लाजले. "सिनेमात जाणार म्हटल्यावर."

आता या माणसाला सांगायचं काय? 'काका, तुम्ही माझं आयुष्य दुरुस्त करून टाकलंत' असं? देसांकाने त्यांचा हात हातात घेतला आणि म्हणाली, "फार छान झालंय, काका." मग ती स्वयंपाकघरात गेली आणि उरलेला सगळा बिहीचा पाक एकटीने खाल्ला.

रविवारी सावाकाका मासे पकडायला बेगेय नदीवर जात. दहा वाजता त्यांची सायकल वळली आणि देसांका पाना घेऊन न्हाणीघरात शिरली. तिने मशीनचे पाय वाकडे केले. आत एक ओला गालिचा आणि उशीच्या अभ्र्यात बांधलेली वीट घातली. मशीन कण्हलं, पण चाललं नाही. मग तिने मागचं झाकण उघडून दिसेल तो स्क्रू ढिला करायला सुरुवात केली. बटनावर नऊ मिनिटांचा चित्रपट काढला म्हणून आपल्याला यंत्रातलं कळतं, असा तिचा समज होता. तो पाण्याची नळी निसटेपर्यंत टिकला.

पाणी टाइल्सच्या फटीतून खाली गेलं. त्या दिवशी मासे लागत नव्हते, म्हणून सावाकाका लवकर परतले होते, आणि नेमके आपल्या न्हाणीघरात हात धूत होते.

ते वर आले तेव्हा टोपीतून पाणी ठिबकत होतं. त्यांनी उघडं मशीन पाहिलं. देसांकाच्या हातातला पाना पाहिला.

"काय बिघडलं?"

"काही बिघडलं नाही, काका. तेच तर..." आणि मग तिच्याने राहवेना. तिने सगळं सांगितलं. चालणं, दार, बारावा चित्रपट, आठ नोव्हेंबर.

सावाकाका टबच्या काठावर बसले. "म्हणजे ते चालायलाच हवं होतं?"

"हो."

"आणि मी टाय लावून उभा होतो."

देसांकाला वाटलं, पाण्याबरोबर आपणही त्या फटीतून खाली गेलो तर बरं. पण काका रागावले नाहीत. बराच वेळ ते टोपी पिळत राहिले. मग म्हणाले, "तू मागून शोधतेयस. ते वर आहे. वरचं झाकण काढ."

तिने काढलं. आत ड्रमच्या वर, चार बोल्टांनी घट्ट बसवलेला, सिमेंटचा एक जाड ठोकळा होता. आवाज ऐकून आई दारात आली होती. तिने नाक फेंदारलं.

"याला आंबट कोबीचा वास का येतोय?"

सावाकाकांनी जमिनीकडे बघत सगळं ओकून टाकलं. मशीन आणलं त्या दिवशी ते आणि देसांकाचे वडील योवान, दोघांनी ते चार मजले उचलून चढवलं होतं. दुसऱ्या मजल्यावर दोघांची कंबर गेली. तेव्हा योवानने हा वजनाचा ठोकळा काढून तळघरात ठेवला.

"तो म्हणाला, उद्या आणू. उद्या त्याची मॅच होती. परवा माझी कारखान्यात पाळी होती. मग मशीन चालायला लागलं, तुम्ही त्यावर बसलात आणि ते थांबलं. तर योवान म्हणाला, आता गरज नाही. वर शपथ घातली त्याने मला." काकांचा आवाज खाली गेला. "ठोकळा तळघरात पडूनच होता. मी कोबी आंबवायच्या पिंपात, कोबीवर ठेवायला लागलो. दाबाला चांगला होता."

मशीनकडे, ठोकळ्याकडे, मग काकांकडे आईने बघितलं.

"म्हणजे मी दगड होते," ती म्हणाली.

"शेजारीणबाई..."

"शेहेचाळीस वर्षं. दगडाच्या जागी. आणि खाली तुम्ही कोबी खात होतात."

ती स्वयंपाकघरात गेली आणि तिने दार लावून घेतलं. त्या घरातलं ते दार देसांकाने कधी लागलेलं पाहिलं नव्हतं.

संध्याकाळी आईने निकाल दिला. "तो ठोकळा तिथेच राहील. बोल्टाला कोणी हात लावायचा नाही. सिनेमा गेला खड्ड्यात." देसांकाने पाना कपाटात ठेवून दिला. शेहेचाळीस वर्षांनी बाईला स्थिर मशीन मिळालं होतं. आपल्या अकरा चित्रपटांतल्या कुठल्या चित्रपटाची ते हिसकावून घेण्याची लायकी होती?

पुढचे दिवस वाईट गेले. सावाकाका रोज दाराशी काहीतरी ठेवून जात. एकदा भाजलेल्या मिरच्यांची चटणी, एकदा मासा. आई ते उचलून खालच्या पायरीवर नेऊन ठेवी. खाली काकांची कोबी पिंपात तरंगत होती. त्यांनी ज्ञानकोशाचे पाच खंड प्लास्टिकमध्ये गुंडाळून तिच्यावर ठेवले होते, पण ज्ञान हलकं पडत होतं. देसांकाने मेहुण्याला पत्र लिहायला घेतलं. 'आपला प्रस्ताव मला' इथपर्यंत ते दोनदा झालं.

मग शनिवार आला. आईने मशीन लावलं. पिळायची वेळ झाली आणि ती सवयीने न्हाणीघरात गेली, मशीनपाशी उभी राहिली, आणि काही कारण नसल्यामुळे परत बाहेर आली. फोन वाजला. तो मामीचा होता, तिच्या गुडघ्याबद्दल. तो ठेवते तोच रुझित्साबाई सही मागायला आल्या. त्यांना वाटेला लावते तोच देसांकाने आतून विचारलं, "आई, कात्री कुठेय?"

आई पॅसेजमध्ये मधोमध थांबली.

"काढ तो दगड," ती म्हणाली.

"काय?"

"काढ म्हणते ना." ती स्टुलावर बसली. ऐंशीला टेकलेल्या त्या चेहऱ्यावर एकदम चोरी पकडल्यासारखा भाव आला. "आठवड्यातून बारा मिनिटं, देसा. तुझे बाबा विचारायचे मोजे कुठेत, मी ओरडायचे, मशीनवर बसलेय! तू भोकाड पसरायचीस, मी ओरडायचे, मशीनवर बसलेय! सासूबाईसुद्धा थांबायच्या. मी उठले तर मशीन दाराला जाऊन भिडणार, हे सगळ्यांना पटलेलं होतं. आख्ख्या आठवड्यात तेवढीच बारा मिनिटं मला कोणी उठवू शकत नव्हतं."

"तू कधी बोलली नाहीस."

"बोलले असते तर दुरुस्त केलं असतं ना कोणीतरी."

देसांका आईकडे बघत राहिली. "आई... तू बसशील? कॅमेऱ्यासमोर?"

"मग कोण, तू? तुझं वजन पुरायचं नाही. पण केस सेट केल्याशिवाय नाही. मंगळवारची वेळ घेते."

बुधवारी देसांकाच्या निरोपावरून सावाकाका पाना घेऊन दाराशी आले. उंबऱ्याच्या आत पाऊल टाकलं नाही. "शेजारीणबाई, बोल्ट काढू?"

"काढा," आई म्हणाली. "आणि तो ठोकळा आधी धुऊन घ्या. साबण जाईल कोबीत."

काकांना एवढं पुरलं. त्यांनी तो नळाखाली तीनदा धुतला.

चित्रीकरणाला या वेळी जिन्यात कोणी नव्हतं. आई निळा झगा घालून, केस जागच्या जागी ठेवून मशीनवर चढली. मशीनने पिळायला घेतलं आणि सगळं घर हादरलं. खालून झुंबराची किणकिण ऐकू आली. गोय्कोच्या चेहऱ्यावर समाधान पसरलं.

पहिली दोन मिनिटं आई फोटोला बसल्यासारखी बसली होती. हनुवटी वर, ओठ आवळलेले. तिसऱ्या मिनिटाला तिचे गाल थरथरायला लागले आणि सेट केलेले केस एकेक करून सुटले. पाचव्या मिनिटाला ती कॅमेरा विसरली. तिने हात मांडीवर उताणे ठेवले आणि डोळे मिटले. देसांकाला मूळ बेतानुसार कॅमेरा मशीनच्या पायांकडे वळवायचा होता. हात त्याच्यावर होता. तिने तो वळवला नाही. नवव्या मिनिटाला पॅसेजमधला फोन वाजायला लागला. वाजला, वाजला, वाजत राहिला. आईने डोळे उघडले नाहीत. फक्त ओठांचा एक कोपरा वर गेला.

मशीन थांबलं. आई उतरली, झगा झटकला आणि म्हणाली, "दोरीवर टाकायला मदत कर."

चित्रपट बारा मिनिटांचाच झाला. सहा नोव्हेंबरला वाचनालयाच्या खोलीत दाखवला. एक्केचाळीस माणसं होती आणि बाहेर ऊन होतं. सुरुवातीला हशा पिकला. मग तो कमी होत गेला, आणि फोन वाजला तेव्हा मागच्या रांगेतली कोणी बाई मोठ्याने म्हणाली, "उचलू नको गं!" सावाकाका टाय लावून आले होते. ते शेवटपर्यंत छताकडे बघत होते. पुढे दोन महोत्सवांनी चित्रपट नाकारला आणि स्लोव्हेनियातल्या एका छोट्या गावाने घेतला. तिथे किती माणसं होती ते कळलं नाही. मेहुण्याला देसांकाने कळवलं, की जूनमध्ये लग्नं फार असतील तेव्हा येईन मदतीला, एरवी नाही. तो दुखावला. पण त्याला कामाची माणसं मिळाली.

प्रदर्शनाच्या वेळी रुझित्साबाई चित्रपट संपायच्या आधीच उठून गेल्या होत्या. त्यानंतरच्या सोमवारी सकाळी त्या दाराशी उभ्या राहिल्या. हातात कागद होता.

"झुंबर हलल्याची तोंडी तक्रार आली आहे," त्या म्हणाल्या. "मी ती नोंदवून घेतली."

"सावाकाकांनी केली तक्रार?"

"नाव सांगायचं नसतं." त्या जाईनात. मग त्यांनी पर्समधून रुमालात गुंडाळलेलं काहीतरी काढलं आणि टेबलावर ठेवलं. केस कापायचं विजेचं जुनं यंत्र होतं. दात्यांत पांढुरके बारीक केस अडकले होते.

"मिस्टरांचे महिन्याच्या पहिल्या रविवारी मीच कापायची. एकतीस वर्षं." त्या यंत्राकडे न बघता बोलत होत्या. "हे चालू आहे. दुरुस्त करायचं नाही. साफ तर अजिबात करायचं नाही, सावाला हात लावू देऊ नका. सिनेमा निघतो का यावर, एवढंच विचारायला आले. अर्ज लागत असेल तर आणलाय."

देसांकाने खुर्ची पुढे सरकवली. रुझित्साबाई काठावर बसल्या, पर्स मांडीवर धरून.

"कुठून सांगू?"

"त्यांचे केस कसे होते, तिथून सांगा."

"केस ना," रुझित्साबाई म्हणाल्या, आणि त्यांचा हात आपोआप हवेत वर गेला, समोर कोणीतरी पाठ करून बसल्यासारखा. "दोन भोवरे होते डोक्यावर. डावीकडच्याने शेवटपर्यंत ऐकलं नाही माझं."